दांडी हातात धरा आणि चाळीस पानी रिपोर्ट घ्या!

मैत्रिणींनो, संक्रांतीचं हळदीकुंकू असो, आठ मार्चचा महिला दिन असो की नवरात्रातला मंडळाचा कार्यक्रम, हल्ली निमंत्रणपत्रिकेच्या तळाशी एक ओळ हमखास दिसते. 'महिलांसाठी मोफत संपूर्ण शरीर तपासणी. रक्त नाही, सुई नाही, फक्त एका मिनिटात!' कुठे ती मोफत असते, कुठे शंभर-दोनशे रुपये घेतात. पण रांग मात्र दोन्हीकडे लागते.

तपासणी कशी होते, हे तुमच्यापैकी बऱ्याच जणींनी पाहिलं असेल. टेबलावर एक लॅपटॉप, त्याला वायरने जोडलेला पाकिटाएवढा डबा आणि डब्याला जोडलेली एक चकचकीत धातूची दांडी. नाव, वय, स्त्री की पुरुष, उंची, वजन एवढं विचारतात. मग दांडी मुठीत घट्ट धरायची. पडद्यावर रंगीत सांगाडा फिरतो, हृदय धडधडतं, रेघा वरखाली होतात. मिनिटभरात तीस-चाळीस पानांचा रिपोर्ट तयार! हृदय, यकृत, किडनी, हाडांचा ठिसूळपणा, कॅल्शियम, लोह, जस्त, थायरॉईड, गर्भाशय, स्तन... एक अवयव सुटत नाही. हिरवा रंग म्हणजे ठीक, पिवळा म्हणजे सांभाळा, लाल म्हणजे काही खरं नाही. या यंत्राला 'क्वांटम रेझोनन्स मॅग्नेटिक अ‍ॅनालायझर' असं भारदस्त नाव आहे. बोलताना सगळे 'क्वांटम मशीन' किंवा 'बॉडी स्कॅनर' म्हणतात.

आज मला या यंत्राबद्दल स्पष्ट बोलायचं आहे, कारण ते आपल्या ओसरीवर येऊन बसलं आहे आणि त्याला आणून बसवणाऱ्याही आपल्यातल्याच बायका आहेत.

आधी साधा प्रश्न. धातूची दांडी मुठीत धरल्यावर काय मोजता येतं? खरं सांगायचं तर फार थोडं. आपल्या त्वचेतून अगदी सूक्ष्म वीजप्रवाह जातो. तळहात घामेजला असेल, मूठ घट्ट असेल तर तो सहज जातो; हात कोरडा असेल तर कमी जातो. एवढाच काय तो फरक. आता या घामावरून तुमच्या रक्तात कॅल्शियम किती, हे कसं कळणार? कॅल्शियम कळायला रक्ताचा नमुना लागतो. हाडं ठिसूळ झाली का, हे पाहायला 'डेक्सा' नावाची तपासणी असते. तिच्यात दोन वेगवेगळ्या ऊर्जेचे क्ष-किरण हाडातून पाठवतात. गर्भाशयाची गाठ सोनोग्राफीत ध्वनिलहरींनी दिसते. प्रत्येक तपासणीमागे असं काहीतरी असतं, जे आत जातं, अवयवाला भेटतं आणि निरोप घेऊन बाहेर येतं. दांडी धरलेल्या मुठीतून यकृताचा निरोप येत नाही हो!

'पण मग ईसीजी? तोही वायरा लावूनच काढतात की!' असं कुणी विचारेल. रास्त प्रश्न आहे. हृदय धडधडताना स्वतःच वीज निर्माण करतं आणि ती छातीवर, हातापायांवर मोजता येते. म्हणून ईसीजी हृदयाबद्दल सांगतो, आणि फक्त हृदयाबद्दलच सांगतो. करोनाच्या काळात घरोघरी आलेला बोटाला लावायचा ऑक्सिमीटर आठवा. तो प्रकाश पाठवून रक्तातला ऑक्सिजन मोजतो, नाडीचे ठोके मोजतो आणि गप्प बसतो. खरं यंत्र असं आपल्या मर्यादेत राहतं. एकाच दांडीतून चाळीस अवयवांची कुंडली मांडणारं यंत्र दिसलं की तिथेच शंका यायला हवी.

आणि ते 'मॅग्नेटिक रेझोनन्स'? हे शब्द खऱ्या एमआरआयकडून उसने घेतलेत. दवाखान्यातल्या एमआरआयचा चुंबक बहुधा दीड टेस्ला ताकदीचा असतो, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राच्या साधारण तीस हजार पट! त्या खोलीत मंगळसूत्र, जोडवी, केसांच्या पिना काढल्याशिवाय पाऊल टाकू देत नाहीत, कारण लोखंडाची वस्तू तो चुंबक खेचून घेतो. त्या यंत्राचं वजन टनांत असतं, त्याला खास खोली लागते. शिबिरातही कधीकधी बांगड्या काढायला लावतात. पण तिथे टेबलावरची स्टेपलरची पिनसुद्धा जागची हलत नाही! मोबाइल चार्ज होतो तेवढ्याच विजेवर हा डबा चालतो. 'क्वांटम' हा शब्द तर अणूंच्या आतल्या सूक्ष्म जगाच्या शास्त्रातला. तो डब्यावर लिहिला म्हणून डब्यात शास्त्र शिरत नाही.

मग चाळीस पानं येतात कुठून? तर त्या संगणकातल्या प्रोग्रॅममधून. आणि प्रोग्रॅमला तुमच्याबद्दल जे कळतं, ते बरंचसं तुम्हीच तोंडाने सांगितलेलं असतं: वय, लिंग, उंची, वजन. पंचेचाळिशीची बाई, उंचीच्या मानाने वजन जास्त, एवढं कळल्यावर गुडघे, कॅल्शियम, चरबी, थकवा यांचा अंदाज गल्लीतली कुणीही शहाणी काकू सांगेल. त्यासाठी लॅपटॉप कशाला?

मध्यंतरी एका तालुक्याच्या गावी कार्यक्रमाला गेले असताना मी हे जवळून पाहिलं. यंत्रावर बसलेली मुलगी गोड होती, बी.ए. झालेली. मी तिला म्हटलं, "माझी दोनदा करशील का गं तपासणी?" ती म्हणाली, "करते की मॅडम, त्यात काय!" पहिल्या वेळी माझं यकृत पिवळं आलं आणि जस्त लाल. दहा मिनिटांनी, चहा पिऊन झाल्यावर, पुन्हा दांडी धरली. तेव्हा यकृत हिरवं झालं होतं, आणि पित्ताशय बिचारं पिवळं! दहा मिनिटांत माझं यकृत सुधारलं ते बहुधा त्या आल्याच्या चहाने. मग मी म्हटलं, "आता गंमत म्हणून 'स्त्री'च्या जागी 'पुरुष' टाक." तिने टाकलं. मी तीच, दांडी तीच, हात तोच. आणि रिपोर्टमध्ये गर्भाशयाचं पान गायब होऊन प्रोस्टेटचं पान आलं! माझ्या प्रोस्टेटची प्रकृती उत्तम असल्याचं यंत्राने कळवलं. ती मुलगी हसली नाही. ती गोंधळली. हळूच म्हणाली, "मॅडम, आम्हाला ट्रेनिंगमध्ये हे कुणी सांगितलंच नव्हतं." तिचा चेहरा अजून माझ्या डोळ्यांपुढे आहे. तिच्याबद्दल पुढे बोलू.

"पण ताई, माझा रिपोर्ट तर अगदी बरोबर आला होता!" असं मला अनेकींनी सांगितलंय. त्या खोटं बोलत नाहीत. त्यांना तो खरंच बरोबर वाटला. असं का वाटतं, हेही शास्त्राने तपासून पाहिलंय. १९४८ मध्ये अमेरिकेत बर्ट्राम फोरर नावाच्या मानसशास्त्राच्या प्राध्यापकाने आपल्या ३९ विद्यार्थ्यांची व्यक्तिमत्त्व चाचणी घेतली आणि प्रत्येकाला त्याच्या स्वभावाचं वर्णन लिहून दिलं. हे वर्णन किती जुळतं, पाचपैकी गुण द्या, असं सांगितलं. सरासरी आली ४.२६! मग त्याने उघड केलं की सगळ्यांना एकच मजकूर दिला होता आणि तो भविष्याच्या पुस्तकातून उचलला होता. 'तुम्ही वरून शांत दिसता, पण आतून काळजी करता' या धाटणीचं काही सांगितलं की कुणाला पटणार नाही?

रिपोर्टचंही तसंच. 'तुम्हाला थकवा येतो, पाठ दुखते, झोप नीट लागत नाही, अंगात रक्त कमी आहे.' पहाटे पाचला उठून रात्री अकराला आडवी होणाऱ्या कुठल्या बाईची पाठ दुखत नाही, सांगा बरं! आणि रक्ताचं म्हणाल, तर २०१९ ते २०२१ या काळातल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या ५४.२ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आढळला. देशात ५७ टक्के. म्हणजे यंत्राने काहीही न मोजता समोर आलेल्या प्रत्येकीला 'रक्त कमी' म्हटलं, तरी निम्म्याहून जास्त वेळा ते बरोबरच येणार. हा यंत्राचा चमत्कार नाही. आपल्या ताटातल्या उरल्यासुरल्या भाजीचा आणि सगळ्यांच्या मागून जेवण्याचा तो हिशेब आहे.

हा प्रकार नवा आहे, असंही समजू नका. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत, सॅन फ्रान्सिस्कोमध्ये अल्बर्ट अब्राम्स नावाच्या डॉक्टरने असाच एक डबा काढला होता. कागदावर रक्ताचा थेंब पाठवा, डबा रोग सांगेल! डबे भाड्याने दिले जात, आणि घेणाऱ्याकडून डबा उघडणार नाही असं वचन घेतलं जाई. मग एका डॉक्टरने शक्कल लढवली आणि कोंबड्याचं रक्त पाठवून दिलं. उत्तर आलं की रुग्णाला मलेरिया आहे, मधुमेह आहे, कर्करोगही आहे! 'सायंटिफिक अमेरिकन' मासिकाने बऱ्याच महिन्यांची चौकशी करून १९२४ मध्ये हा सगळा प्रकार निरर्थक असल्याचा निर्वाळा दिला. डबे उघडले तेव्हा आत नुसत्या वायरा आणि विजेचे किरकोळ सुटे भाग निघाले, ज्यांचा एकमेकांशी काही मेळ नव्हता.

अलीकडचंही उदाहरण आहे. विल्यम नेल्सन नावाच्या गृहस्थाने 'ईपीएफएक्स' नावाचं यंत्र काढलं. मनगटांना, घोट्यांना आणि डोक्याला पट्टे बांधायचे, संगणकाच्या पडद्यावर रोगांची यादी उमटायची. १९९६ मध्ये अमेरिकेत त्याच्यावर फसवणुकीचे आरोप ठेवले गेले, तेव्हा तो देश सोडून गेला आणि हंगेरीत बसून धंदा करत राहिला. २००७ मध्ये 'सिअ‍ॅटल टाइम्स' या वृत्तपत्राने अशा यंत्रांचं पितळ उघडं पाडलं. शिकलेल्या, श्रीमंत देशातली माणसं फसली. तेव्हा 'आपल्याच बायका अडाणी' असं कुणी म्हणू नये. फसवणारा नेहमी त्या त्या काळातल्या भारी वाटणाऱ्या यंत्राचा वेष घेतो. तेव्हा रेडिओ होता, आता लॅपटॉप आहे.

आता या शिबिरामागचा हिशेब बघू. तपासणी मोफत असते, कारण विकायचं दुसरंच असतं. रिपोर्टात लाल रंग आला की शेजारच्या टेबलावर डबे मांडलेलेच असतात. प्रोटीन पावडर, कॅल्शियमच्या गोळ्या, कसलासा रस, 'बॉडी डिटॉक्स'. तीन महिन्यांचा कोर्स आणि किंमत हजारांत. ज्याने रोग सांगितला, औषधही त्याच्याकडेच. बरं, कोर्स संपल्यावर पुन्हा दांडी धरायची. आकडे तर दर वेळी बदलतातच. चांगले आले तर 'बघा, गुण आला', वाईट आले तर 'अजून तीन महिने घ्या'. दोन्हीकडून गल्ला भरतो.

गंमत म्हणजे या रिपोर्टांच्या तळाशी बारीक अक्षरात बहुतेक वेळा लिहिलेलं असतं की हे निष्कर्ष केवळ संदर्भासाठी आहेत, रोगनिदान म्हणून धरू नयेत. आणि त्या पूरक आहाराच्या डब्यावर कायद्यानुसार 'औषधी वापरासाठी नाही' अशा अर्थाची सूचना छापावी लागते. चष्मा लावून एकदा शोधा. म्हणजे यंत्र म्हणतं मी निदान करत नाही, डबा म्हणतो मी औषध नाही. मग आपण पैसे मोजतो ते नेमके कशाचे?

पैसे गेले तर जाऊ देत, कष्ट करून पुन्हा मिळवू. माझी खरी भीती वेगळीच आहे. लाल रंगाने घाबरवणं वाईट, पण हिरव्या रंगाने निर्धास्त करणं त्याहून वाईट. छातीत गाठ लागलेली बाई आधीच लाजेने आणि भीतीने कुणाला सांगत नाही. ती शिबिरात जाते, स्तनाच्या पानावर हिरवा रंग पाहते आणि सुटकेचा श्वास सोडते. 'मशीनमध्ये काही नाही आलं.' मग सहा महिने जातात, वर्ष जातं. स्तनाचा कर्करोग लवकर सापडला तर उपचारांनी बरं होण्याची शक्यता खूप असते, उशीर झाला की ती झपाट्याने घटते. ते वर्ष तिला कोण परत देणार? तसंच साखरेच्या आणि ब्लडप्रेशरच्या गोळ्यांचं. 'मशीनमध्ये शुगर नॉर्मल आली, आता गोळ्या बंद करून हा रस घ्या,' असा सल्ला ऐकून गोळ्या सोडलेल्या बायका कुठल्याही डॉक्टरला विचारा, त्यांना भेटलेल्या असतात. गोळी सोडल्यावर पहिल्या दिवशी काही होत नाही. म्हणूनच फसायला होतं.

तरीही आपण त्या रांगेत का उभ्या राहतो? याचं उत्तर प्रामाणिकपणे शोधायला हवं. घरात सासऱ्यांची तपासणी होते, नवऱ्याची होते, मुलांच्या दाताचीही होते. आपली? 'मला काय धाड भरलीय!' असं आपणच म्हणतो. दवाखान्यात गेलो तर डॉक्टर मान वर न करता चिठ्ठी लिहितात, काय झालंय ते सांगत नाहीत. पुरुष डॉक्टरपुढे अंगावरून जाण्याबद्दल, खाजेबद्दल बोलायला जीभ रेटत नाही. आणि इथे एक बाई 'या काकू, बसा' म्हणते, नाव विचारते, समोरासमोर बसून अर्धा तास आपल्या देहाबद्दल बोलते आणि आपल्या नावाचा चाळीस पानी रंगीत कागद हातात देते. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी आपल्याकडे एवढं लक्ष दिलेलं असतं! ही भूक खरी आहे. त्या भुकेला खोटं अन्न वाढलं जातंय, हे दुःख आहे. डॉक्टरमंडळींनीही यातून काही घ्यावं. रुग्णाला पाच मिनिटं नीट समजावून सांगितलं असतं, तर ही दांडी विकली गेली नसती.

आणि आता त्या गोड मुलीबद्दल. यंत्र चालवणाऱ्या बहुतेक जणी आपल्यासारख्याच. कुणाला नोकरी नाही, कुणाचा नवरा घरी बसलेला. 'घरबसल्या व्यवसाय, स्वतःच्या पायावर उभ्या राहा' असं सांगून त्यांच्या गळ्यात यंत्र मारलेलं असतं. त्यासाठी कुणी बचत गटातून कर्ज काढलेलं, कुणी पाटल्या गहाण ठेवलेल्या. वर खाली आणखी बायका जोडण्याचं टार्गेट. आधी नात्यातल्या, मग गल्लीतल्या, मग माहेरच्या. फसवणूक उघडी पडते तेव्हा वरचा माणूस गावात नसतो. तोंड दाखवायची चोरी होते ती हिची. अशा मैत्रिणींना माझं सांगणं आहे की बाई गं, तुझं कष्टाळूपण खरं आहे, तुझं बोलणं माणसांना धीर देणारं आहे. पण तुझ्या शब्दावर कुणी गोळ्या सोडल्या तर ते ओझं तुला आयुष्यभर पेलणार नाही. स्वतःचीच तपासणी दहा मिनिटांच्या अंतराने दोनदा करून बघ आणि मग ठरव.

कायदा काय म्हणतो? १ एप्रिल २०२० पासून आपल्या देशात रोगनिदानासाठी वापरायची सगळी वैद्यकीय उपकरणं, त्यांतले संगणक प्रोग्रॅमसुद्धा, औषधांच्या कायद्याखाली आलीत. साध्या उपकरणांना ऑक्टोबर २०२२ पासून आणि जास्त जोखमीच्या उपकरणांना ऑक्टोबर २०२३ पासून परवाना सक्तीचा आहे. 'हे मेडिकल नाही हो, वेलनेस आहे' अशी पळवाट काढणाऱ्याला विचारा की मग यात यकृत आणि किडनी कशाला दाखवता? १९५४ च्या जादूटोणासदृश औषधोपचारांच्या जाहिरातींविरुद्धच्या कायद्यात मधुमेह, कर्करोग, रक्तदाब, स्त्रियांचे विकार अशा अनेक रोगांबाबत दावे करणाऱ्या जाहिरातींना बंदी आहे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीला दहा लाखांपर्यंत आणि पुन्हा केल्यास पन्नास लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे, तो फ्रिजवर चिकटवून ठेवा. तक्रार अन्न व औषध प्रशासनाकडेही करता येते. पावती आणि रिपोर्ट मात्र जपून ठेवा. रद्दीत घालू नका.

मग खरी तपासणी कुठे करायची? त्यासाठी फार लांब जायला नको आणि फार पैसेही नकोत. तीस वर्षांवरच्या प्रत्येकीची रक्तदाब, मधुमेह आणि तोंडाचा, स्तनाचा, गर्भाशयमुखाचा कर्करोग यांसाठी तपासणी व्हावी, असा सरकारी कार्यक्रमच आहे. गावच्या आरोग्य उपकेंद्रात, प्राथमिक आरोग्य केंद्रात किंवा आपल्या आशाताईंकडे चौकशी करा. महाराष्ट्रात १५ ऑगस्ट २०२३ पासून सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत तपासण्या आणि उपचार मोफत करण्यात आले. तिथे रांग असेल, बाकडं मोडकं असेल, पण रक्तदाबाचा पट्टा हातावर आवळतो तेव्हा तो खरंच काहीतरी मोजत असतो.

आणि चाळीस पानांऐवजी तीन आकडे पाठ करा. हिमोग्लोबिन १२ च्या खाली असेल तर रक्तक्षय, गरोदरपणी ११ च्या खाली. रक्तदाब पुन्हापुन्हा १४०/९० किंवा त्यावर येत असेल तर डॉक्टरांकडे जायचं. उपाशीपोटी साखर १२६ किंवा जास्त आली तर पुन्हा तपासून खात्री करायची. हे तीन आकडे माहीत असलेली बाई चाळीस पानी रिपोर्टवालीपेक्षा आपल्या शरीराबद्दल जास्त जाणते. आणि महिन्यातून एकदा, पाळी संपल्यावर, आंघोळीच्या वेळी स्वतःच्या हाताने छाती चाचपून बघा. गाठ, खळगा, स्तनाग्रातून स्राव, काही वेगळं वाटलं तर त्याच आठवड्यात डॉक्टर गाठा.

शेवटी महिला मंडळाच्या आणि बचत गटांच्या अध्यक्षबाईंना विनंती. सभागृह तुमचं, माइक तुमचा, आणि बायका येतात त्या तुमच्या शब्दावर. कुणी 'मोफत तपासणी' घेऊन आलं, तर तारीख देण्याआधी चार प्रश्न विचारा. तपासणारे डॉक्टर कोण आणि त्यांचा नोंदणी क्रमांक काय? यंत्राचा परवाना दाखवता का? एकाच बाईची दोनदा तपासणी आमच्यासमोर कराल का? आणि रिपोर्टवर सही-शिक्का करून जबाबदारी घ्याल का? या चार प्रश्नांना सरळ उत्तरं मिळाली नाहीत, तर चहा पाजा आणि निरोप द्या. त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरबाईंना आणि नर्सताईंना बोलवा. त्या रंगीत सांगाडा दाखवणार नाहीत, बोटाला सुई टोचतील, थोडं दुखेल. पण त्या एका थेंबात जे असेल ते आपलं असेल.

आपल्या देहाकडे लक्ष द्यायला आपण आत्ता कुठे शिकतोय. त्या लक्ष देण्याची कुणी दुकानदारी करू नये, एवढीच माझी तळमळ. पुढच्या हळदीकुंकवाला वाण म्हणून काय लुटायचं, असा प्रश्न पडलाच तर सांगते: येणाऱ्या प्रत्येकीचं हिमोग्लोबिन तपासून तिला तिचा आकडा लिहून द्या. याहून चांगलं वाण मला तरी सुचत नाही.